सहा लाँचर, एक यादी

गेम सुरू करण्याआधी मला दर वेळी एक प्रश्न सोडवावा लागायचा: हा आहे कुठे? स्टीम या गेमांच्या ऑनलाइन दुकानात विकत घेतला होता, तसल्याच एपिकने फुकट दिला तेव्हा उचलून ठेवला होता, की गॉगच्या सेलमध्ये मिळाला होता? की गेम बनवणाऱ्या कंपनीच्याच एखाद्या लाँचरमध्ये (गेम उतरवायच्या आणि सुरू करायच्या प्रोग्रॅममध्ये) आहे, ज्याचा पासवर्ड वर्षभरात लागलेलाच नाही? घड्याळाशेजारी लाँचरच्या आयकॉनांची रांग असायची. कॉम्प्युटर चालू केला की सगळे आपापले उठायचे, अपडेट उतरवायला लागायचे आणि सेलच्या खिडक्या उघडायचे. रात्री जेवणं आटोपली, ओटा पुसून झाला की खेळायला जेमतेम तासभर मिळतो. त्यातला बराचसा वेळ शोधण्यात गेला की वैताग यायचा.

हा पसारा साठत गेला त्याला कारणं आहेत. आमची पिढी नेट कॅफेत तासाचे पैसे मोजून आयजीआय आणि काउंटर-स्ट्राइक खेळली. गेम विकत घेऊन आपल्या नावावर ठेवायचा असतो, हेच मुळात उशिरा कळलं. स्टीम २००३ साली सुरू झालं आणि २००४ मध्ये हाफ-लाइफ २ खेळायचा तर ते लागायचंच. पण आपल्याकडे किंमत डॉलरमध्ये दिसायची आणि पैसे भरायला बाबांचं क्रेडिट कार्ड मागावं लागायचं. २०१५ च्या अखेरीस स्टीमने रुपयांत किमती लावल्या आणि माझ्यासारख्या कित्येकांनी तेव्हा पहिल्यांदा मन लावून गेम विकत घ्यायला सुरुवात केली. पोलंडच्या सीडी प्रोजेक्टने २००८ मध्ये काढलेलं गॉग मला त्यानंतर सापडलं. तिथे जुने गेम आजच्या विंडोजवर चालतील असे करून, कॉपी रोखणारं कुलूप न लावता विकतात. डिसेंबर २०१८ मध्ये एपिकचं दुकान उघडलं आणि फुकट गेम वाटायला लागलं. मे २०२० मध्ये, लॉकडाऊनच्या ऐन भरात, त्यांनी जीटीए ५ फुकट दिला तेव्हा ज्यांनी आयुष्यात कधी अकाउंट उघडलं नव्हतं त्यांनीही उघडलं. गुरुवारी रात्री साडेआठला, हिवाळ्यात साडेनऊला, नवीन गेम उचलायचा ही सवयच झाली. भर म्हणून ईए, युबिसॉफ्ट आणि अ‍ॅमेझॉनचे आपापले लाँचर.

प्रत्येक दुकान आपल्या लायब्ररीची मांडणी आपापल्या पद्धतीने करतं, आणि उघडल्यावर आधी विकायचा माल दाखवतं. त्यात त्यांचं चूक काही नाही, दुकानच ते. पण माझ्या गेमांची यादी ही माझी गोष्ट आहे आणि ती मला हवी तशी लावता आली पाहिजे, हे मला मनापासून वाटत होतं. ऑफिसला सलग सुट्टी मिळाली तेव्हा कामाला लागले.

सुरुवात कॉम्प्युटरवर केली नाही, वहीत केली. कुठल्या दुकानात अकाउंट आहे, ते कुठल्या ईमेलवर आहे, मोबाइल नंबर कुठला दिलाय, टू-स्टेप (पासवर्डनंतर मोबाइलवर कोड मागणारं) लॉगिन चालू आहे का, एवढंच लिहिलं. यादी लावायला बसणाऱ्या प्रत्येकाला मी हेच सांगेन, की आधी हे करा. माझं एक अकाउंट कॉलेजच्या काळातल्या ईमेलवर होतं आणि त्याला जोडलेला नंबर बंद होऊन जमाना झाला होता. त्या दुकानाच्या मदत विभागाशी बरीच पत्रापत्री झाली. शेवटी कामाला आली ती जुन्या खरेदीची पावती. ती वेगळ्या मेलबॉक्समध्ये पडून होती. त्यावरचा ऑर्डर नंबर दिल्यावर अकाउंट परत मिळालं. तेव्हापासून प्रत्येक खरेदीची पावती पीडीएफ करून एका फोल्डरमध्ये ठेवते.

मग साधन निवडायचं होतं. सगळ्यात सोपा मार्ग स्टीममध्येच आहे. बाहेरचा गेम त्यात जोडता येतो, त्याची एक्झी, म्हणजे गेम सुरू करणारी फाइल दाखवली की झालं. पण तो हाताने निवडून जोडायचा आणि इन्स्टॉल केलेलाच जोडता येतो. माझे बहुतेक गेम इन्स्टॉल नव्हते. गॉगचं गॅलक्सी २.० हे २०१९ पासून नेमकं सगळ्या दुकानांतले गेम एका यादीत आणायच्या कामासाठी आहे, दिसायला सुरेख आहे, आणि बरेच दिवस मी तेच वापरायचं म्हणत होते. मात्र तेही एका दुकानाचंच साधन. मला दुकानाबाहेरचं काहीतरी हवं होतं. म्हणून प्लेनाइटवर आले.

प्लेनाइट हा हेच काम करणारा, योसेफ न्येमेत्स या प्रोग्रॅमरने सुरू केलेला प्रकल्प आहे. तो मोफत आहे, ओपन सोर्स आहे (म्हणजे त्याचा कोड कुणालाही बघता येतो) आणि फक्त विंडोजवर चालतो. लिनक्सवाल्यांसाठी हिरॉइक आणि ल्युट्रिससारखे दुसरे पर्याय आहेत. मला त्यात सर्वांत आवडलं ते हे, की प्लेनाइटचं स्वतःचं अकाउंट काढावं लागत नाही. यादी आपल्याच डिस्कवर राहते.

इन्स्टॉल करताना तो विचारतो की कुठली दुकानं जोडायची. टिक करत गेले. प्रत्येक दुकानासाठी त्या दुकानाचंच लॉगिनचं पान उघडतं, तिथे पासवर्ड आणि मोबाइलवर आलेला कोड टाकायचा. स्टीमच्या बाबतीत एक खोच आहे: प्रोफाइलच्या प्रायव्हसीत गेम डिटेल्स खासगी ठेवले असतील तर यादी येत नाही. एकतर ते खुले करायचे किंवा स्टीमकडून एपीआय की, म्हणजे दुसऱ्या प्रोग्रॅमला आपली माहिती वाचू देणारा कोड, घेऊन ती द्यायची. मी की घेतली. आणखी एक सेटिंग तपासून बघा, इन्स्टॉल नसलेले गेमही आणायचे की नाही ते. ते बंद असेल तर डिस्कवर आहेत तेवढेच चार गेम दिसतात.

यादी भरायला लागली. एकेक दुकान संपलं की खालचा आकडा वाढायचा. शेकड्यांत गेला. काही नावं बघून मी थांबलेच, कारण हा गेम मला हवा होता, तो सेलमध्ये येईल म्हणून मी वाट बघत होते, आणि तो एपिकने दिला तेव्हाच माझ्या नावावर झालेला होता.

ज्यांच्याकडे अ‍ॅमेझॉन प्राइम आहे त्यांच्यासाठी एक सांगते. त्यातून मिळणारे सगळे गेम अ‍ॅमेझॉनच्या लाँचरमध्ये येत नाहीत. काहींचा नुसता कोड मिळतो आणि तो गॉगवर किंवा एपिकवर जाऊन टाकावा लागतो. तो टाकला नाही तर गेम कुठल्याच यादीत दिसत नाही, आणि काही कोडना मुदत असते. जुने कोड उघडून टाकण्यात माझी एक अख्खी दुपार गेली, पण यादीत चांगली भर पडली.

आता खरं काम. आलेली यादी कच्ची असते. त्यात गेम सोडून बाकीचंही बरंच येतं: साउंडट्रॅक, डेमो, टेस्ट सर्व्हर, मॉड (खेळणाऱ्यांनी गेममध्ये केलेले बदल) बनवायची साधनं. हे काढून टाकताना प्लेनाइट विचारतो की वगळायच्या यादीत टाकू का. हो म्हणायचं, नाही म्हटलं तर पुढच्या अपडेटला ते सगळं परत येतं. सबस्क्रिप्शनमधून आलेले गेम मी यादीत ठेवलेच नाहीत. वर्गणी थांबली की ते जाणार, मग ते माझे म्हणून कशाला मांडायचे?

मग मुखपृष्ठं, प्रकाशनाची तारीख, प्रकार, बनवणारा स्टुडिओ ही माहिती. ती प्लेनाइट दुकानाकडून घेतो किंवा आयजीडीबी नावाच्या गेमांच्या डेटाबेसमधून. दुकानाकडून आलेली माहिती सहसा बरोबर असते, कारण तिथे गेमचा क्रमांकच जुळतो. आयजीडीबीत मात्र बऱ्याचदा नाव जुळवून शोध होतो आणि एकाच नावाचे दोन गेम असले की घोळ होतो. डूम १९९३ चा की २०१६ चा? टूम रेडर १९९६ चा की २०१३ चा? प्रे २००६ चा की २०१७ चा? हे मी एकेक करून हाताने निवडलं. घाईने सगळ्यांना एकदम माहिती लावून टाकण्यापेक्षा अशा नावांची आधी वेगळी यादी करणं चांगलं.

नीड फॉर स्पीड मोस्ट वाँटेड हा त्यातलाच. २००५ चा एक आणि २०१२ चा एक. २०१२ चा आजही विकत मिळतो. २००५ चा डिजिटल दुकानांत मिळत नाही, आणि माझ्याकडे आहे तो नेमका तोच, डीव्हीडीवर. डबीचं प्लास्टिक कडेने तडकलंय, आतल्या माहितीपत्रकाच्या मागे माझ्या भावाने बॉलपेनने ब्लॅकलिस्टमधली, म्हणजे गेममध्ये हरवायच्या प्रतिस्पर्ध्यांची, पंधरा नावं लिहून हरवलेल्यांवर रेघ मारलेली आहे. वरून तिसऱ्या नावापाशी रेघा थांबतात. गेम हाताने यादीत टाकला तर प्लेनाइटने २०१२ चं चकचकीत मुखपृष्ठ आणून लावलं. मी ते काढलं, डबी खिडकीपाशी उजेडात धरून मोबाइलवर फोटो घेतला, कडा कापल्या आणि तो मुखपृष्ठ म्हणून लावला. नोट्सच्या जागी भावाच्या यादीचाही फोटो जोडला. हा गेम सुरू करायचं बटण मी ठेवलेलं नाही. त्या काळातल्या कित्येक डिस्कवर सेफडिस्कसारखी कॉपी रोखणारी कुलुपं असायची, आणि विंडोज १० पासून मायक्रोसॉफ्टने सुरक्षेच्या कारणासाठी त्यांचा आधार काढून टाकला. त्यामुळे अस्सल डिस्क घातली तरी तो गेम उघडेलच असं नाही. यादीत त्याची नोंद असणं मला महत्त्वाचं वाटतं. माझ्याकडे काय आहे याचा तो हिशेब आहे.

दुहेरी गेमांचं प्रकरण याहून किचकट निघालं. एकच गेम स्टीमवर विकत घेतलेला, एपिकवर फुकट मिळालेला आणि गॉगवर कोडने आलेला, म्हणजे यादीत तीनदा. यासाठी डुप्लिकेट हायडर नावाचं एक्स्टेन्शन आहे. दुकानांचा अग्रक्रम ठरवून द्यायचा. वरच्या दुकानातला गेम दिसतो, बाकीचे लपतात. मी गॉग, मग स्टीम, मग एपिक असा क्रम लावला. पण सरसकट हा नियम लावून चालत नाही, कारण आपली प्रगती कुठल्या आवृत्तीत आहे हे त्याला ठाऊक नसतं.

सबनॉटिकाचं उदाहरण देते. समुद्राखाली घर बांधत जायचं असा तो गेम. एपिकने दुकान उघडल्या उघडल्या फुकट दिलेल्यांपैकी एक. माझा तळ एपिकच्या आवृत्तीत होता आणि नंतर मी तो गेम स्टीमवरही घेतला. दोघांचे सेव्ह, म्हणजे आपली प्रगती साठवलेल्या फाइली, वेगवेगळ्या जागी असतात. स्टीमच्या आवृत्तीत ते गेमच्याच फोल्डरमध्ये, एसएनअ‍ॅपडेटा नावाच्या फोल्डरच्या आत. एपिकच्या आवृत्तीत विंडोजच्या युजर फोल्डरमध्ये, अ‍ॅपडेटाच्या खाली लोकललो म्हणून जागा असते तिथे. आधी दोन्ही फोल्डरची कॉपी दुसऱ्या डिस्कवर काढली, मग एपिकमधल्या सेव्हचा फोल्डर उचलून स्टीमच्या जागी ठेवला. गेम उघडला. माझा तळ जागच्या जागी, कपाटात टायटेनियम जसंच्या तसं. हे जमल्यावर मी प्रत्येक दुहेरी गेमसाठी आधी सेव्ह कुठे आहेत ते बघायला लागले, आणि मगच कुठला लपवायचा ते ठरवलं. सेव्हच्या जागा शोधून त्यांचा बॅकअप काढणारा लुडुसावी नावाचा छोटा मोफत प्रोग्रॅम आहे, तो प्लेनाइटला जोडताही येतो. गेम बंद झाला की तो आपणहून कॉपी काढतो. क्लाउड सेव्ह, म्हणजे दुकानाच्या सर्व्हरवर राहणारे सेव्ह, सगळ्या गेमांना नसतात, त्यामुळे माझ्या मते हे जोडल्याशिवाय लायब्ररी पूर्ण होत नाही.

इथवर आल्यावर मला मजा यायला लागली, कारण यापुढचं सगळं माझ्या मनाचं होतं. प्लेनाइटमध्ये प्रत्येक गेमला स्थिती देता येते: न खेळलेला, खेळतेय, संपवला, सोडून दिला वगैरे. ही नावं बदलता येतात, आणि मराठीत लिहिलं तरी ते नीट उमटतं. मी त्यांची नावं अशी केली: हात लावला नाही, चालू आहे, गोष्ट संपली, सगळं करून झालं, बाजूला ठेवला, नाही रुचला. शेवटचं नाव मला फार उपयोगी पडलं. एखादा गेम नावाजलेला असला तरी आपल्याला रुचत नाही, आणि तसं एकदा लिहून ठेवलं की दर सुट्टीत तो पुन्हा उघडून बघायची गरज राहत नाही.

टॅगही मराठीत. ‘पंधरा मिनिटांत होणारे’, ‘डोकं लावायचे’, ‘आवाज बंद करून चालतील’, ‘दोघांनी खेळायचे’. दुकानांच्या प्रकारांत अ‍ॅक्शन, अ‍ॅडव्हेंचर, इंडी (छोट्या स्वतंत्र स्टुडिओंचे) असलं काही असतं. थकून आल्यावर मला ‘इंडी’ खेळायचं नसतं, मला शेजारच्या खोलीत आई झोपलेली असताना आवाजाशिवाय चालेल असं काहीतरी हवं असतं. ते आता एका क्लिकवर समोर येतं. हे फिल्टर जतन करून ठेवता येतात, म्हणून रोज नव्याने लावावे लागत नाहीत.

‘आपल्याकडचे’ असाही एक टॅग केलाय, भारतात बनलेल्या गेमांसाठी. पुण्यातल्या नॉडिंग हेड्सचा राजी, २०२० चा, हा त्यात पहिला. भावाला शोधत निघालेल्या मुलीची ती गोष्ट आहे. हैदराबादच्या ओगर हेड स्टुडिओचा २०१७ चा असुरा दुसरा. गेम कुठे बनला हे कुठलंच दुकान मला वेगळं काढून देत नाही, ते हातानेच लावावं लागलं. राजी आपल्याच शहरात बनलाय हे माझ्या ऑफिसमधल्या गेम खेळणाऱ्या कित्येकांना माहीत नव्हतं. आता कुणी घरी आलं की मी तो टॅग उघडून दाखवते.

पण ज्या मांडणीचा मला सर्वांत उपयोग झाला ती वेगळीच आहे, आणि ती पावसामुळे सुचली. आमच्या भागात जोराचा पाऊस झाला की फायबर हमखास जाते. वीज आहे, इन्व्हर्टर आहे, नेट नाही. अशा एका संध्याकाळी मी यादी उघडली आणि एकेक गेम सुरू करून बघायला लागले. स्टीम ऑफलाइन मोडमध्ये उघडलं आणि त्यातले पुष्कळ गेम चालले. काहींची एक्झी फाइल तर लाँचरशिवाय थेट उघडली. स्टीमवर विकले जाणारे सगळेच गेम स्टीमला बांधलेले नसतात. गॉगचे सगळे चालले. काही एकट्याने खेळायचे गेम, ज्यांत दुसरं माणूसच नसतं, तेही सर्व्हरशी बोलल्याशिवाय पुढे जाईनात.

मी त्या रात्री तीन टॅग केले. ‘हातात आहे’, म्हणजे इन्स्टॉलर माझ्या डिस्कवर आहे आणि दुकान नसलं तरी चालेल. ‘दुकानाच्या भरवशावर’, म्हणजे एकदा उतरवला की नेटशिवाय चालतो पण पुन्हा उतरवायला दुकान लागेल. आणि ‘सर्व्हर आहे तोवर’.

तिसरा टॅग काही कल्पनेतला धोका नाही. युबिसॉफ्टचा द क्रू हा गाड्यांचा गेम ३१ मार्च २०२४ ला सर्व्हर बंद झाल्यावर कुणालाच खेळता येईना, विकत घेतलेला असूनही. विकलेले गेम असे बंद पाडू नका म्हणणारी स्टॉप किलिंग गेम्स ही चळवळ त्यातून उभी राहिली. कॅलिफोर्नियात त्याच वर्षी कायदा झाला, की तुम्ही विकत घेताय तो परवाना आहे हे डिजिटल दुकानांनी ग्राहकाला स्पष्ट सांगायचं. तेव्हापासून स्टीमच्या कार्टमध्येही तशी ओळ दिसते. उलट बाजूचंही उदाहरण आहे: बेथेस्डा या गेम कंपनीचा स्वतःचा लाँचर २०२२ मध्ये बंद झाला तेव्हा लोकांचे गेम स्टीमवर हलवता आले. दुकान बंद होताना काय होईल हे ते बंद करणाऱ्यावर अवलंबून असतं. म्हणून माझा कुठला गेम कुणाच्या हातात आहे हे मला एका नजरेत दिसायला हवं होतं, आणि आता दिसतं.

‘हातात आहे’ हा टॅग वाढवायचा म्हणून गॉगवरच्या प्रत्येक गेमचा ऑफलाइन इन्स्टॉलर उतरवून घेतला. अकाउंटच्या पानावर गेम उघडला की तो मिळतो. मोठे गेम तुकड्यांत येतात, सगळे तुकडे एकाच फोल्डरमध्ये ठेवायचे. यासाठी पुण्यातल्या तापकीर गल्लीतून जुन्या लॅपटॉपच्या हार्ड डिस्कला केस घेऊन आले. रात्री डाउनलोड लावून झोपायचं, सकाळी ऑफिसला जाण्याआधी एक इन्स्टॉलर चालवून बघायचा, मगच पुढचे लावायचे. डिस्कच्या पाठीवर मार्करने तारीख घातली आहे. प्लेनाइटचा स्वतःचा बॅकअपही त्याच डिस्कवर जातो, कारण हातानं लावलेले टॅग आणि मुखपृष्ठं कुठल्याच दुकानाकडून परत मिळणार नाहीत.

एक गैरसमज असतो, तो दूर करते. प्लेनाइट आला म्हणून लाँचर जात नाहीत. एपिकचा गेम उघडायला सहसा एपिकचा लाँचर लागतोच, प्लेनाइट फक्त त्याला हाक मारतो. पण गेम संपल्यावर लाँचर बंद करायचं एक सेटिंग आहे. ते चालू केलं आणि विंडोजच्या स्टार्टअपमधून सगळ्यांना काढलं. आता कॉम्प्युटर चालू केला की घड्याळाशेजारी जागा मोकळी असते आणि विंडोज उघडायलाही कमी वेळ लागतो.

मे महिन्यात भाऊ-वहिनी भाच्याला घेऊन आले. भाचा पहिलीत. मागच्या वर्षी तो रॉकेट लीगच्या मागे होता, गाड्यांनी फुटबॉल खेळायचा तो. हा गेमही फिरून आलेला आहे: आधी स्टीमवर विकत मिळायचा, स्टुडिओ एपिकने घेतल्यावर सप्टेंबर २०२० मध्ये फुकट झाला आणि नव्या लोकांसाठी स्टीमवरून गेला. ज्यांनी आधी घेतला होता त्यांच्याकडे तो स्टीममध्ये राहिला. माझा स्टीमवरचाच आहे, पण मागच्या वर्षी मी तो एपिकमध्येही टाकला होता आणि पोराला दर वेळी विचारायला लागायचं, ‘‘आत्या, गाड्यांचा फुटबॉल कुठंय?’’

या वेळी कॉम्प्युटर टीव्हीला जोडला, एफ ११ दाबून प्लेनाइट फुलस्क्रीन केला आणि कंट्रोलर त्याच्या हातात दिला. या रूपात माऊस लागत नाही, सगळी मुखपृष्ठं मोठी होऊन ओळीने येतात. ‘भाच्यासाठी’ नावाचा फिल्टर लावून ठेवला होता, त्यामुळे रक्तपाताचं काही त्याच्यासमोर येणार नव्हतं. त्याने स्वतःच डावी-उजवीकडे करत गाड्यांचा फुटबॉल शोधला. मग खेळून झाल्यावर पुढे सरकला आणि त्याला ती तडकलेली डबी दिसली.

‘‘हा का नाही चालत?’’

‘‘जुना आहे रे. बाबाचा आहे तो.’’

‘‘बाबा, तू खेळायचास?’’

भाऊ सोफ्यावरून उठून टीव्हीसमोर खाली येऊन बसला. नोट्समधला फोटो मोठा करून बघितला, आणि तिसरं नाव कोणाचं, त्याची गाडी कुठली, तो का हरत नव्हता, हे सगळं मुलाला सांगत बसला. वहिनीने दोनदा जेवायला हाका मारल्या.

जाताना भावाने त्याच्या लॅपटॉपवर हेच लावून द्यायला सांगितलं. त्याची अकाउंटं माझ्याहून विखुरलेली आहेत, अर्धी ऑफिसच्या ईमेलवर. नोकरी बदलण्याआधी ती घरच्या ईमेलवर आणायची, हे पहिलं काम मी त्याला दिलंय. वहीचं पान त्याच्या नावाने काढून ठेवलंय. ते भरून आलं की पुढच्या शनिवार-रविवारी व्हिडिओ कॉलवर बसून उरलेलं करू.